भारतीय चित्रपटाचा कपडेपट आणि दलित माणूस

आपल्याकडे चित्रपटाचा इतिहास लिहिला जातो तो नटांचा, दिग्दर्शकांचा आणि फार तर गीतकार-संगीतकारांचा. ज्यांनी पडद्यावरचे राजवाडे उभे केले, झोपड्या शाकारल्या, राजाच्या अंगावर जर चढवली आणि भिकाऱ्याच्या अंगावरचे कापड मुद्दाम फाडले, त्यांची दखल या इतिहासाने क्वचितच घेतली. नाटक कंपन्यांच्या काळात वेशभूषेच्या खात्याला 'कपडेपट' म्हणत. सिनेमा आला, बोलपट आला, स्टुडिओ उभे राहिले; कपडेपटाच्या जागी 'ड्रेसवाला' आला, पुढे 'वेशभूषाकार' आला. पण नाव बदलले तरी जागा बदलली नाही. ती पडद्यामागचीच राहिली.

सामाजिक प्रश्नांचा विचार करणाऱ्यांनी कपडेपटाची चर्चा कशासाठी करायची, असा प्रश्न कार्यकर्त्यांना पडेल. माझे उत्तर असे की, या देशात कापड हे कधीच नुसते कापड नव्हते. ते जातीचे जाहीर प्रमाणपत्र होते. मनुस्मृतीच्या दहाव्या अध्यायात चांडाळांनी प्रेतांवरची वस्त्रे ल्यावीत, फुटक्या भांड्यांत जेवावे आणि लोखंडाचे दागिने घालावेत, असे विधान आहे. वेशभूषेचा याहून नेमका आदेश कोणत्या दिग्दर्शकाने दिला आहे? पेशवाईत पुण्याच्या रस्त्यांवर अस्पृश्याच्या कमरेला झाडू आणि गळ्यात मडके बांधले गेले, याची आठवण बाबासाहेबांनी १९३६ च्या 'जातिनिर्मूलना'च्या निबंधात करून दिली आहे. त्रावणकोरात नाडार स्त्रियांना अंगाचा वरचा भाग झाकण्याचा हक्क मिळवण्यासाठी वर्षानुवर्षे मार खावा लागला, तेव्हा कुठे १८५९ साली राजाज्ञा निघाली. आणि डिसेंबर १९२७ मध्ये महाडला मनुस्मृतीचे दहन झाल्यावर बाबासाहेब स्त्रियांशी बोलले ते कशाविषयी? लुगडे नेसण्याच्या पद्धतीविषयी. कथलाच्या-चांदीच्या जड दागिन्यांविषयी. पाहताक्षणी जात कळावी अशी कोणतीही खूण अंगावर ठेवू नका, हे त्या बोलण्याचे सार होते. ज्या परिषदेत ग्रंथ जाळला गेला त्याच परिषदेत पेहरावही नाकारला गेला, ही गोष्ट आमच्या इतिहासलेखकांनी जितकी ठळक करायला हवी होती तितकी केलेली नाही. बाबासाहेबांच्या सुटाकडे निव्वळ आवडनिवड म्हणून पाहणारे लोक या परंपरेविषयी अनभिज्ञ तरी असतात किंवा अप्रामाणिक तरी.

हे ध्यानात ठेवून भारतीय चित्रपटाकडे वळले म्हणजे पहिल्याच पावलाला एक गंमत दिसते. दादासाहेब फाळक्यांचा १९१३ चा चित्रपट राजा हरिश्चंद्राचा. प्रभातचा १९३२ चा पहिला मराठी बोलपट 'अयोध्येचा राजा', तोही हरिश्चंद्राचाच. या पुराणकथेत सत्त्वपरीक्षेची परिसीमा कोणती? तर राजाला डोंबाची चाकरी करावी लागते, स्मशानात उभे राहावे लागते. राजवस्त्रे उतरतात, स्मशानाची वस्त्रे चढतात आणि प्रेक्षक हळहळतात. हळहळ राजासाठी असते. डोंब मात्र पिढ्यान्‌पिढ्या त्याच वस्त्रांत तिथेच उभा आहे, त्याच्यासाठी कोणाचा हुंदका नाही.

तरीही कारागिरांच्या बाजूने पाहिले तर या कलेचा आरंभ आशादायक होता. कोल्हापुरात नाटक कंपन्यांचे पडदे रंगवणारे दोन सुतार, आनंदराव आणि बाबूराव मेस्त्री, सिनेमाच्या वेडाने झपाटले. आनंदराव १९१६ साली गेले. बाबूरावांनी कॅमेरा घडवला, महाराष्ट्र फिल्म कंपनी काढली आणि १९२० साली 'सैरंध्री' पडद्यावर आणला. हेच बाबूराव पेंटर. त्यांच्या हाताखाली तयार झालेले साहेबमामा फत्तेलाल मुसलमान कारागीर घरातले. पुढे प्रभातचे कलाखाते त्यांनी सांभाळले आणि विष्णुपंत दामल्यांबरोबर १९३६ चा 'संत तुकाराम' दिग्दर्शित केला, ज्याची वाखाणणी पुढच्या वर्षी व्हेनिसच्या महोत्सवात झाली. ब्राह्मण, मराठा, सुतार, मुसलमान एका छताखाली रंगाचे डबे घेऊन बसले, हे शाहू महाराजांच्या कोल्हापुरात घडले याला अर्थ आहे. पण मर्यादाही तिथेच दिसते. सुताराचा हात पुढे आला. चांभाराचा, मांगाचा, महाराचा हात पुढे आला नाही. पडद्यावरच्या मावळ्याच्या पायातली वहाण आणि तमाशातल्या ढोलकीची पुडी ही ज्यांची विद्या, त्यांचे नाव श्रेयनामावलीत शोधून सापडत नाही.

पोशाख बदलला म्हणजे काय होते, याचे सर्वांत भीषण उदाहरण मात्र मल्याळम सिनेमातले आहे. जे. सी. डॅनियल यांनी १९२८ ते ३० च्या सुमारास 'विगतकुमारन' हा पहिला मल्याळम मूकपट काढला. त्यात पी. के. रोझी या पुलय समाजातल्या मुलीने नायर स्त्रीची भूमिका केली. म्हणजे कपडेपटाने तिच्या अंगावर सवर्ण स्त्रीची वस्त्रे चढवली. एवढाच गुन्हा. तिरुवनंतपुरमच्या प्रेक्षकांनी पडद्यावर दगडफेक केली, रोझीला गाव सोडून पळावे लागले आणि पुढचे आयुष्य तिने नाव लपवून काढले. नट राजा होतो तेव्हा कोणी त्याला राजा समजत नाही. पण दलित स्त्री नायर झाली तेव्हा मात्र लोकांनी नाटक खरे मानले! मनूचा कपडेपट चित्रपटगृहातही हजर होता, याचा आणखी पुरावा तो कोणता?

यानंतरची वाट सोयीची होती. दलितांची भूमिका सवर्णांनी करावी आणि कपडेपटाने तिला शोभिवंत करावे. बॉम्बे टॉकीजच्या 'अछूत कन्या'त (१९३६) देविकाराणी अस्पृश्य फाटकवाल्याची मुलगी झाली. तिच्या कोरलेल्या भुवया आणि नीटस चोळी-लुगडे पाहिले की दारिद्र्याविषयी नव्हे, शिंप्याविषयी आदर वाटतो. बिमल रॉय यांच्या 'सुजाता'त (१९५९) नूतनची साडी साधी केली, तिच्या बहिणीचे कपडे झुळझुळीत केले आणि दोघींमधला जातीचा फरक कापडाने सांगितला. हेतू चांगला होता. माझे म्हणणे हेतूविषयी नाही.

याच काळात मुंबईत एक मराठी मुलगी या खात्यात शिरली. भानुमती अण्णासाहेब राजोपाध्ये, जन्म कोल्हापूर, १९२९. राजोपाध्ये हे घराणे कोल्हापूरच्या राजपुरोहितांचे. वेदोक्त प्रकरणामुळे हे आडनाव आपल्या वाचकांना वेगळ्या संदर्भात माहीत आहे. पण वडील चित्रकार, बाबूराव पेंटरांच्या संगतीतले. ते तिच्या लहानपणीच वारले. मुलगी मुंबईच्या जे. जे. कलाशाळेत सुवर्णपदक घेऊन बाहेर पडली, प्रोग्रेसिव्ह चित्रकारांबरोबर १९५३ साली तिची चित्रे मांडली गेली, आणि पोटापाण्यासाठी ती स्त्रियांच्या साप्ताहिकात पोशाखांची चित्रे काढू लागली. तिथून १९५६ च्या 'सी.आय.डी.'पासून सिनेमात. पुढची पन्नासएक वर्षे भानू अथैया हे नाव शंभराहून अधिक चित्रपटांच्या श्रेयनामावलीत येत राहिले, आणि तरीही सामान्य प्रेक्षकाला ते १९८३ पर्यंत ठाऊक नव्हते.

त्यांच्या कामातला एक टप्पा आमच्या दाराशी येऊन गेला आहे, म्हणून त्याविषयी थोडे सविस्तर लिहितो. लेख टंडन यांचा 'आम्रपाली' १९६६ साली आला. वैशालीची नगरवधू, बुद्धाला आम्रवन देणारी, शेवटी भिक्खुणी झालेली आम्रपाली. तिचे पोशाख तयार करण्यासाठी भानुताई अजिंठ्याला आल्या आणि लेण्यांतली भित्तिचित्रे पाहून त्यांनी वैजयंतीमालेची ती उत्तरीये, त्या कंचुक्या, ते अलंकार रचले. पुढे कितीतरी वर्षे 'प्राचीन भारत' म्हणून पडद्यावर जे काही आले ते या चित्रपटावरून उचललेले होते. इतिहास शिकवणारा माणूस म्हणून मला इथे एक टीप द्यावीशी वाटते. आम्रपाली बुद्धाच्या समकालीन. अजिंठ्याची ही चित्रे मुख्यतः इसवी सनाच्या पाचव्या शतकातली, वाकाटकांच्या काळातली. मध्ये हजार वर्षे गेली आहेत. पण ते असो; चित्रकाराला जे डोळ्यांसमोर उपलब्ध असते त्यातूनच तो काम करतो.

महत्त्वाचे हे की, अजिंठ्याचा कपडेपट मनूच्या कपडेपटासारखा नाही. तिथे राणी कमरेवर उघडी, नुसत्या मोत्यांनी मढलेली बसते आणि तिची दासी व्यवस्थित शिवलेल्या चोळीत उभी असते. शिवलेले कापड सेवकांच्या, नर्तकींच्या अंगावर आहे. अंगावर चिंध्या म्हणजे खालचा आणि अंगभर वस्त्र म्हणजे वरचा, असा सोपा हिशेब त्या भिंतींवर मांडता येत नाही. आणि ओंगळ, दात पडलेला, लोभी माणूस पाहायचा असेल तर सतराव्या लेण्यात विश्वंतर जातकाच्या चित्रात तो आहे: राजपुत्राची मुले मागून नेणारा जूजक. तो ब्राह्मण आहे! बौद्ध चित्रकारांनी कुरूपता कोणाला दिली, हे सिनेमाच्या वेशभूषाकारांनी पाहिले असेल का? भानुताईंची नजर तिथल्या वस्त्रांच्या चुण्यांवर होती, आणि त्यांच्यावर सोपवलेले कामही तेवढेच होते.

त्यांची जगभर कीर्ती झाली ती रिचर्ड अ‍ॅटनबरो यांच्या 'गांधी'मुळे. ११ एप्रिल १९८३ रोजी या चित्रपटाला आठ ऑस्कर मिळाली, त्यात वेशभूषेचे जॉन मोलो आणि भानू अथैया यांना. ऑस्कर मिळवणाऱ्या त्या पहिल्या भारतीय. मराठी वृत्तपत्रांनी कौतुक केले ते रास्तच होते. गांधीजींच्या आयुष्याचा प्रवास हा एका अर्थी पोशाखाचा प्रवास आहे: बॅरिस्टरच्या कोट-टायपासून गुडघ्यापर्यंतच्या पंचापर्यंत. तो प्रवास कापडातून दाखवणे हे थोर काम आहे, आणि मी ते नाकारीत नाही. परंतु या चित्रपटात जीनांचा सूट शिवला गेला, नेहरूंची शेरवानी शिवली गेली. बाबासाहेबांचा सूट शिवावा लागलाच नाही. तीन तासांहून लांब असलेल्या, भारत सरकारच्या चित्रपट महामंडळाचा पैसा लागलेल्या या चित्रपटात पुणे कराराचा दुसरा पक्ष पात्र म्हणून येतच नाही. हा दोष कपडेपटाचा नव्हे. पण मोकळी राहिलेली ती खुंटी मला त्या ऑस्करच्या छायाचित्रातही दिसते. बॅरिस्टराने सूट उतरवणे ही जगाला त्यागाची कहाणी वाटली. महाराच्या मुलाने सूट चढवणे हीदेखील एक कहाणी होती आणि ती सांगण्यासाठी कोणी अ‍ॅटनबरो आला नाही.

आता थोडे माझ्या अनुभवाचे, कारण त्याशिवाय पुढचा मुद्दा स्पष्ट होणार नाही. मी छावणीत वाढलो. छावणीला लागूनच बाबासाहेबांचे नागसेनवन. मिलिंद महाविद्यालय १९५० साली निघाले, आणि १९५५ साली तिथे प्राचार्य म. भि. चिटणीस यांचे 'युगयात्रा' बाबासाहेबांसमोर झाले. पुढच्या वर्षी नागपूरला धम्मदीक्षेच्या वेळीही त्याचा प्रयोग झाला. पुराणकाळापासून आजपर्यंतचा प्रवास एका रात्रीत दाखवणारे नाटक म्हणजे कपडेपटाची सत्त्वपरीक्षाच. मी विद्यार्थी झालो १९७० नंतर. अभिनय जमत नव्हता म्हणून कपडे सांभाळायला लागलो. धुणे, इस्त्री करणे, कोणता सदरा कोणत्या प्रवेशात याची यादी ठेवणे, गुरुवारच्या छावणी बाजारातून जुने कोट घासाघीस करून आणणे ही माझी कामे.

एकदा बाहेरून आलेल्या एका दिग्दर्शकाने महाराच्या भूमिकेसाठी मला नवा सदरा फाडायला सांगितला. कात्री मारून नाही, हाताने, म्हणजे फाटलेला 'खरा' दिसेल. मी फाडला. प्रयोग पाहून आलेली माझी आई म्हणाली, "या माणसाच्या घरी बाई नव्हती का रे?" तिचे बोलणे कळायला मला पुष्कळ वर्षे लागली. आमच्या वस्तीत दारिद्र्य होते, पण फाटके नव्हते. फाटलेले दुसऱ्या दिवशी ठिगळ लागून अंगावर यायचे. ठिगळाला पुन्हा ठिगळ. सदऱ्याची बाही झिजली की तिची चुंबळ, लुगड्याचा पदर गेला की त्याची वाकळ. १४ एप्रिलला आणि १४ ऑक्टोबरला पांढरी कपडे कोळशाच्या इस्त्रीखालून निघायची आणि त्या दिवशी वस्तीतला कोण हमाल, कोण बिगारी हे ओळखता यायचे नाही. ठिगळ म्हणजे श्रम. ठिगळ म्हणजे लाज आणि स्वाभिमान. पडद्यावरचा दलित फाटका असतो. त्याला ठिगळ क्वचितच असते. कपडेपट फाडतो, शिवत नाही. कापड जुने करण्याच्या सगळ्या युक्त्या या खात्यात आहेत: चहाच्या पाण्यात बुडवणे, काचकागदाने घासणे, माती चोळणे. पण रात्री चिमणीच्या उजेडात कोणीतरी बसून ते शिवले असेल, ही कल्पनाच तिथे शिरत नाही. कारण दलिताच्या घरात काळजी घेणारा हात असतो, हेच त्या टेबलाशी बसणाऱ्याला माहीत नसते.

'लगान' (२००१) पाहा. वेशभूषेचे राष्ट्रीय पारितोषिक भानू अथैया यांना, कलादिग्दर्शनाचे नितीन चंद्रकांत देसाई यांना. कच्छमध्ये भुजजवळ देसाईंनी उभे केलेले चंपानेर गाव बघत राहावे असे. आणि त्या गावाच्या कडेला अस्पृश्य उभा: हातात झाडू, एक हात वाकडा, अंगावर सर्वांत मळकट कापड, आणि नाव 'कचरा'. गावातले सगळेच गरीब, दुष्काळाने गांजलेले. पण मळ एकट्याच्या वाट्याला. पेशवाईतला तो झाडू दोनशे वर्षांनी ऑस्करच्या स्पर्धेपर्यंत जाऊन आला! पुन्हा सांगतो, पात्र लेखकाने लिहिले, नाव लेखकाने ठेवले. पण लेखकाच्या शब्दाला कातडी देण्याचे काम कपडेपट करतो, आणि ते निमूटपणे करतो.

याच नितीन देसाईंच्या हातून दुसरेही काम झाले. जब्बार पटेलांच्या 'डॉ. बाबासाहेब आंबेडकर' या चित्रपटासाठी त्यांना १९९८ च्या वर्षाचे राष्ट्रीय पारितोषिक मिळाले. मामुट्टींनी नायकाची भूमिका केली आणि 'गांधी'त न शिवला गेलेला सूट अखेर शिवला गेला. परळची चाळ, कोलंबिया, लंडन, महाडचे तळे. एका माणसाच्या आयुष्याला किती निरनिराळ्या खोल्या लागल्या हे त्या चित्रपटाच्या नेपथ्यावरून समजते. कारागीर तोच, हात तोच. सांगणारा बदलला की खोली बदलते. देसाई २०२३ साली गेले. त्यांच्या मृत्यूनंतर जे लिहून आले त्यात भव्य महालांचा उल्लेख होता, या चाळीचा फारसा नव्हता.

या खात्यात शिरायचे कसे, हा प्रश्न विद्यापीठाच्या नाट्यशास्त्र विभागातली मुले मला विचारतात. कामाची गुणवत्ता लागते हे खरेच, पण मुंबईत संघटनेचे कार्डही लागते आणि कार्ड मिळते ते बहुधा ओळखीने, नात्याने. दारे किती घट्ट होती याचा एक नमुना न्यायालयाच्या दप्तरात आहे. वेशभूषाकार, रंगभूषाकार आणि केशभूषाकार यांच्या मुंबईतल्या संघटनेने स्त्रियांना रंगभूषाकार म्हणून कार्ड द्यायचे नाही, फक्त केशभूषेचे द्यायचे, असा दंडक अर्धशतकाहून अधिक काळ चालवला. चारू खुराना यांच्या याचिकेवर १० नोव्हेंबर २०१४ रोजी सर्वोच्च न्यायालयाने तो घटनाबाह्य ठरवला. बाईने केस विंचरावे, चेहरा रंगवू नये! स्त्रीच्या बाबतीत नियम निदान लिहिलेला होता, म्हणून त्याला आव्हान देता आले. जातीच्या बाबतीत कोणी काही लिहून ठेवत नाही.

त्याच २०१४ साली नागराज मंजुळे यांचा 'फँड्री' चित्रपटगृहांत आला. त्यातला जब्या कैकाडी. त्याला काय हवे आहे? जीनची पँट आणि टी-शर्ट. शालूसमोर जायचे तर नव्या कपड्यांत. त्यासाठी तो सायकलवर कुल्फी विकतो. हा पोरगा फाटक्या कपड्यांत आहे म्हणून आपल्याला त्याची कीव येत नाही. त्याला स्वतःच्या कपड्यांविषयी मत आहे, म्हणून तो आपला वाटतो. आणि शेवटी मेलेले डुक्कर खांद्यावर घेऊन घरची माणसे ज्या भिंतीजवळून जातात, त्या भिंतीवर बाबासाहेब, सावित्रीबाई, शाहू महाराज रंगवलेले. तिकडे तमिळमध्ये पा. रंजित यांनी २०१६ च्या 'कबाली'त रजनीकांतला सुटात उभे केले आणि गांधींचा उतरवलेला सदरा व आंबेडकरांचा चढवलेला कोट यांतले राजकारण त्याच्याच तोंडून बोलून दाखवले. हे दोघे त्या वस्त्यांतून आलेले दिग्दर्शक आहेत.

पण दिग्दर्शक वस्तीतून आला तरी कापड फाडायचे की शिवायचे हा प्रश्न अजून रोज सकाळी कपडेपटाच्या टेबलावरच सुटतो. त्या टेबलाशी बसलेली, मशीनवर वाकलेली, जुने कोट उसवणारी माणसे मी पाहिली आहेत. त्यांपैकी काही आमच्या मराठवाड्यातली आहेत. ती आपल्या कामाविषयी तासन्‌तास बोलतात. कोणत्या चित्रपटात आपण शिवलेले काय आहे हे प्रवेशासकट सांगतात. श्रेयनामावली सुरू होते तेव्हा प्रेक्षागृहातले दिवे लागलेले असतात आणि लोक चपला शोधत असतात.